एकच चाल, दोन अर्थ

लाइपझिगमध्ये झिमरमान नावाच्या गृहस्थाचे कॉफीहाउस होते. उन्हाळ्यात त्याच्या बागेत संगीताचे जलसे होत. ५ सप्टेंबर १७३३ रोजी तिथे एक छोटेखानी संगीतनाट्य सादर झाले. निमित्त होते सॅक्सनीच्या राजपुत्राच्या अकराव्या वाढदिवसाचे. संगीत योहान सेबास्तियन बाखचे, शब्द पिकांडर या टोपणनावाने लिहिणाऱ्या कवीचे आणि कथा ग्रीक पुराणातली. तरुण हर्क्युलिस आयुष्याच्या फाट्यावर उभा आहे. एका वाटेवर सद्गुण त्याला बोलावतो आहे, दुसऱ्या वाटेवर विलास. हा विलास नाटकात स्त्रीच्या रूपाने येतो आणि हर्क्युलिसला अंगाई गातो : नीज, वासनेला मोकळे सोड, कुणाचे बंधन मानू नकोस. थोड्या वेळाने हर्क्युलिस भानावर येतो आणि तुझे एक अक्षरही ऐकणार नाही, असे तिला ठणकावतो. त्यासाठी वेगळे गाणे आहे.

पुढच्या वर्षी नाताळ आला तेव्हा बाखने ‘ख्रिसमस ऑरेटोरिओ’ हे मोठे काम हाती घेतले. सहा भागांचे हे संगीत २५ डिसेंबर १७३४ पासून ६ जानेवारी १७३५ पर्यंत, सणाच्या सहा दिवशी चर्चमध्ये गायले गेले. दुसऱ्या दिवशी बाळ येशूसाठी जी अंगाई झाली, ती झिमरमानच्या बागेत विलासाने गायलेलीच अंगाई होती. पहिल्या दिवशीचे एक गाणे भाविकांना सांगते की प्रियतम येतो आहे, मनात कोवळी ओढ घेऊन त्याच्या स्वागताला सज्ज व्हा. ही चाल हर्क्युलिसच्या नकाराची. पट्टीसुद्धा तीच ठेवलेली.

मराठी रसिकाला यात धक्का बसण्यासारखे काही नाही. ‘स्वयंवर’ नाटकाला भास्करबुवा बखल्यांनी चाली दिल्या तेव्हा बंदिशींचे सोने त्यांनी असेच नव्या शब्दांत घातले आणि प्रेक्षकांनी ते डोक्यावर घेतले. मूळ बंदिशीत काय म्हटले आहे याची चौकशी करत कुणी बसले नाही. युरोपातल्या पंडितांना मात्र बाखची ही सवय फार छळत आली आहे. याचे कारण बाखभोवती जमलेली दोनशे वर्षांची भक्ती. हा माणूस सुरांतून काहीतरी निश्चित, बहुधा गहन सांगतो आहे, असे एकदा धरले की मग नकार आणि स्वागत एकाच चालीत कसे मावतात याचे उत्तर द्यावे लागते. बाखच्या संगीताचा अर्थ लावणारा कुणीही समोर आला की मी त्याचे म्हणणे आधी याच दोन गाण्यांवर घासून पाहतो.

बाखच्या हयातीत अर्थाची पंचाईत कमी आणि क्लिष्टतेची जास्त होती. १७३७ मध्ये योहान आडोल्फ शायबे या तरुण समीक्षकाने हॅम्बुर्गच्या आपल्या नियतकालिकात लिहिले की हा वाजवणारा म्हणून अद्वितीय आहे, पण कारागिरीच्या अतिरेकाने आपल्या रचनांमधला साधेपणा गुदमरवतो. बाख स्वतः वादात उतरला नाही. त्याच्या वतीने लाइपझिगचा बिर्नबाउम उतरला. हा वक्तृत्वशास्त्राचा अध्यापक होता, ही गोष्ट पुढे महत्त्वाची ठरली, कारण भाषण रचणे आणि संगीत रचणे यांतले साम्य बाख उत्तम जाणतो, असे त्याने लिहून ठेवले आहे.

१७५० मध्ये बाख वारला. पुढच्या काळात तो जाणकारांच्या अभ्यासाचा विषय राहिला, सामान्य श्रोत्यांच्या नजरेआड गेला. मग ११ मार्च १८२९ रोजी वीस वर्षांच्या फेलिक्स मेंडेल्सोनने बर्लिनमध्ये ‘सेंट मॅथ्यू पॅशन’ पुन्हा उभे केले आणि बाखचा दुसरा जन्म झाला. फिलिप स्पिट्टाने १८७३ ते १८८० या काळात दोन खंडांत त्याचे चरित्र लिहिले. त्या चरित्रातला बाख लुथरपंथी चर्चचा खांब आहे. संगीत मात्र पुष्कळांना अजूनही शुद्ध बांधकाम वाटे : स्वरांचे गणित, फ्यूगची वीण, बाहेरच्या जगाशी संबंध नसलेले सौंदर्य. तो काळही तसाच होता. एदुआर्ड हान्सलिक या समीक्षकाने १८५४ मध्येच बजावले होते की संगीताचा आशय म्हणजे गतिमान स्वराकृती, भावनांचे चित्रण हा त्याचा विषयच नव्हे.

या मताला खिंडार पाडले ते पॅरिसमधल्या ऑर्गनच्या शिकवणीत. शार्ल-मारी विदोर हा फ्रान्सचा नामांकित ऑर्गनवादक. बाखच्या फ्यूग त्याला तोंडपाठ, पण चर्चच्या स्तोत्रांवर बाखने बांधलेल्या छोट्या ऑर्गन-रचना त्याला कोड्यासारख्या वाटत. सूर मध्येच असे का वळतात, इथे हा विचित्र तुकडा कशाला, हे कळेना. त्याचा शिष्य अल्सास या जर्मन-फ्रेंच सरहद्दीवरच्या प्रांतातला, पाद्र्याचा मुलगा. तो म्हणाला, या रचनांना शब्द आहेत. ते माहीत नसतील तर कळायचे कसे? आणि त्याने स्तोत्रे आठवतील तशी फ्रेंचमध्ये सांगायला सुरुवात केली. विदोरला एकेक रचना उलगडत गेली. तो शिष्य म्हणजे अल्बर्ट श्वाइत्झर. पुढे आफ्रिकेत लांबारेनेला दवाखाना काढणारा आणि शांततेचे नोबेल मिळवणारा तोच. विदोरच्या आग्रहावरून त्याने १९०५ मध्ये बाखवर फ्रेंचमध्ये पुस्तक लिहिले. १९०८ ची जर्मन आवृत्ती इतकी फुगली की ८४४ पानांवर गेली.

श्वाइत्झरचे म्हणणे समजायला बाखच्या ‘ऑर्गेलब्युखलाइन’ या संग्रहातली एक रचना पुरते. स्तोत्र आहे आदमाच्या पतनाविषयीचे. वरच्या ओळीत मूळ चाल संथपणे चालली आहे. मधली एक ओळ अर्ध्या अर्ध्या सुरांनी वळवळत जाते. इथे अनेकांना सर्प दिसतो. खरी गंमत पायांत आहे. ऑर्गनच्या पायपट्ट्यांवरचा खर्ज एक सूर घेतो आणि तिथून एकदम सहा-सात पायऱ्या खाली कोसळतो. विराम. पुन्हा वर येतो, पुन्हा कोसळतो. ही उडी साधीसुधी नाही. कानाला खटकेल अशाच अंतरावर बाख सूर टाकतो. शब्द न ऐकताही इथे कुणीतरी पडते आहे हे जाणवते आणि शब्द कळले की दुसरे काही ऐकूच येत नाही.

इथपर्यंत श्वाइत्झरशी भांडण नाही. पुढे तो कोश रचायला बसतो. आनंदाची ही लय, दुःखाचा हा तुकडा, पावलांचा हा, गोंधळाचा हा. बाखची भाषा म्हणजे अशा आकृतींचा संच आणि तो संच ज्याला आला त्याला बाख वाचता आला, अशी त्याची धारणा. जवळपास त्याच वेळी आंद्रे पिरो यानेही १९०७ च्या ग्रंथात शेकडो उदाहरणे अशीच वर्गवार लावली. कष्ट अफाट आहेत, पण हर्क्युलिसच्या गाण्यापाशी हा कोश अडतो. त्या गाण्यात हर्क्युलिस पाळण्यात आलेल्या सर्पांची आठवण काढतो. सर्पांचे वळसे चालीत आहेत असे मानले, तर तेच वळसे प्रियतमाच्या स्वागतात काय करताहेत? श्वाइत्झरच्या कोशात याला उत्तर नाही.

वक्तृत्वाकडून जाणारी वाट जास्त पक्की आहे, कारण ती बाखच्या काळातल्या लोकांच्याच लिखाणातून निघते. योआखिम बुर्माइस्टरने १६०६ मध्ये भाषणातल्या अलंकारांची नावे संगीतातल्या आकृतींना दिली. हॅम्बुर्गच्या योहान माटेसोनने १७३९ च्या जाडजूड ग्रंथात सांगितले की संगीतकाराने मनोविकार ओळखावे आणि त्यांना साजेशी सुरावट योजावी : आनंदात जीव फुलतो म्हणून मोठी अंतरे, दुःखात आकसतो म्हणून छोटी. आपल्याला इथे रससिद्धांत आठवतो आणि आठवावाही, पण जपून. विसाव्या शतकातल्या काही जर्मन विद्वानांनी ही विखुरलेली वचने गोळा करून बरोक काळाचे एक शिस्तबद्ध ‘भावशास्त्र’ उभे केले, जणू प्रत्येक संगीतकाराच्या टेबलावर त्याची प्रत होती. अमेरिकन अभ्यासक जॉर्ज ब्यूलो याने नंतर दाखवले की असे एकसंध शास्त्र त्या काळी नव्हतेच. बुर्माइस्टरची नावे वेगळी, माटेसोनची वेगळी. दोघांच्या याद्या जुळत नाहीत.

तरी काही आकृती सगळ्यांच्या ओळखीच्या होत्या. खर्जाची ओळ मूळ सुरापासून पंचमापर्यंत अर्ध्या अर्ध्या सुराने उतरते आणि पुन्हा पहिल्यापासून सुरू होते, हा शोकाचा खर्ज. इंग्रज पर्सेलच्या ऑपेरात राणी डायडो मरणापूर्वी गाते ते याच खर्जावर. बाखने तो २२ एप्रिल १७१४ रोजी वायमारमध्ये गायलेल्या एका कँटाटात वापरला. शब्द होते रडण्याचे, विलापाचे, काळजीचे. जवळजवळ पस्तीस वर्षांनी, आयुष्याच्या अखेरीला ‘बी मायनर मास’ पुरा करताना त्याला येशूच्या क्रुसारोहणासाठी संगीत हवे होते. त्याने ते जुने समूहगान काढले.

कागदावर काय बदलले ते बघा. जुन्या रचनेत खर्जाचे सूर लांब, सरळ ठेवलेले होते. आता प्रत्येक सूर ठोक्यांत फोडला आहे, त्यामुळे खाली सतत एक धडधड चालू राहते. एफ मायनरऐवजी ई मायनर. गायक सुरू होण्याआधी वाद्यांवर चार बारचे आवर्तन नव्याने जोडले. त्यामुळे पूर्वी बारा वेळा येणारा खर्ज आता तेरा वेळा येतो. आणि अगदी शेवटच्या आवर्तनात खर्ज सोडून बाकीची वाद्ये थांबतात, गायकांचे आवाज फार खाली उतरतात, येशूला थडग्यात ठेवल्याचे शब्द येतात आणि बारा वेळा जे एकाच दुःखी सुरावर येऊन थांबले ते अचानक जी मेजरमध्ये वळते. लगेच पुढे पुनरुत्थानाचे समूहगान कर्ण्यांसकट उसळते. बाखने स्वतः, दुसऱ्यांदा विचार करून हे शेवटचे वळण घातले. अर्थ शोधणाऱ्याला असे दोन मसुद्यांतले फरक सोन्यासारखे. संगीतकार काय म्हणू पाहत होता याचा इतका जवळचा पुरावा क्वचितच सापडतो.

तेरा हा आकडा मात्र गळ आहे. अखेरच्या भोजनाला तेरा जण होते, तेरा अशुभ, म्हणून खर्ज तेरा वेळा, असे सांगणारे पुष्कळ भेटतात. यांचे मूळपुरुष फ्रीडरिख स्मेन्ड. लुथरपंथी विद्वान, अभ्यास दांडगा. १९४७ पासून त्यांनी मांडायला सुरुवात केली की बाख अक्षरांना आकडे देऊन संगीतात निरोप लपवतो. बी म्हणजे दोन, ए एक, सी तीन, एच आठ, बेरीज चौदा. आय आणि जे एकच अक्षर धरले तर नावातली दोन आद्याक्षरे मिळवून एकेचाळीस. मग कुठल्या सुरावटीत चौदा सूर, कुठल्या रचनेत एकेचाळीस बार, याची मोजदाद सुरू झाली ती आजतागायत थांबलेली नाही. खाद्यही मिळत गेले. १७४७ मध्ये बाख मिट्झलरच्या विद्वत्सभेचा सभासद झाला तो चौदावा. १९७४ मध्ये त्याच्या स्वतःच्या छापील प्रतीत ‘गोल्डबर्ग व्हेरिएशन्स’ या त्याच्याच रचनेच्या खर्जावरचे कॅनन सापडले तेही चौदा.

रूथ टॅटलो या अभ्यासिकेने १९९१ मध्ये या साऱ्याची मुळे खणली. अक्षरांचे आकडे करून शुभेच्छांच्या कविता रचण्याचा छंद त्या काळी खरोखर होता, पण आकडे देण्याच्या पद्धती अनेक होत्या, स्मेन्डनी त्यातली एक निवडली होती आणि बाख रचना करताना ती वापरत असल्याचा कागदी पुरावा काही नव्हता. म्हणजे बाखला नावाशी खेळायचेच नव्हते असे नाही. ‘आर्ट ऑफ फ्यूग’मधल्या अपुऱ्या फ्यूगमध्ये जर्मन स्वरनामांप्रमाणे बी, ए, सी, एच हे चार सूर विषय म्हणून येतात. ते कानाला ऐकू येतात आणि त्याच्या मुलाने हस्तलिखितावर तशी नोंदही केली आहे. इथे सहीच आहे, शंका नको. मोजून काढलेल्या चौदाची गोष्ट वेगळी. मोठ्या रचनेत इतके आकडे असतात की हवा तो सापडतो. तेराचे मूळ तर वर आलेच आहे. चार बारची प्रस्तावना जोडली की बाराचे तेरा होतात, त्याला गूढविद्या लागत नाही.

आकडे आणि शोक यांचा संगम झाला तो शाकोनपाशी. डी मायनर पार्टिटाच्या शेवटी येणारा हा व्हायोलिनचा तुकडा. सोबतीला कुणी नाही, चार तारा आणि एक गज. चार बारचा साचा चौसष्टच्या आसपास वेळा फिरतो, पाऊण तास वाटावा असा पंधरा मिनिटांचा प्रवास होतो. मध्यावर डी मेजर उजाडते, तेव्हा ऐकणाऱ्याचे डोळे भरून येतात हे मी अनेकदा पाहिले आहे. ब्राह्म्सने तो फक्त डाव्या हाताने पियानोवर वाजवण्यासाठी लिहून काढला, का तर एकट्या व्हायोलिनवादकाची अडचण आपल्यालाही जाणवावी म्हणून.

बाखच्या सुबक हस्ताक्षरातल्या प्रतीवर साल आहे १७२०. त्याच वर्षी तो क्योथेनच्या राजपुत्राबरोबर कार्ल्सबाडला गेला होता. परतला तेव्हा घराच्या उंबऱ्यातच कळले की बायको मारिया बार्बरा आजारी पडून वारली, दफनही उरकले. दफनाची तारीख ७ जुलै १७२०. जर्मन व्हायोलिनवादक आणि अध्यापिका हेल्गा ट्योने यांनी १९९४ मध्ये या दोन गोष्टी जोडल्या. त्यांच्या मते शाकोन ही मारिया बार्बराची समाधी आहे. व्हायोलिनच्या सुरांमागे मृत्यू आणि पुनरुत्थानाची स्तोत्रे लपलेली आहेत आणि आकड्यांत तिचे नावही. २००१ मध्ये ‘मोरिमुर’ नावाची ध्वनिमुद्रिका निघाली. तीत क्रिस्टोफ पोपेन शाकोन वाजवतात आणि हिलियर्ड एन्सेंबलचे चार गायक ती ‘लपलेली’ स्तोत्रे वरून गातात. ध्वनिमुद्रिका जगभर गाजली.

ऐकायला ती विलक्षण आहे, घ्याच. सिद्धांत मात्र टिकत नाही. प्रतीवरचे साल सुबक नक्कल केव्हा झाली ते सांगते, रचना केव्हा झाली ते नव्हे. लुथरपंथी स्तोत्रांच्या चाली पायरीपायरीने चढतात-उतरतात. डी मायनरमधल्या इतक्या मोठ्या रचनेत, सूर हवे तिथून वेचायची मुभा असेल, तर डझनभर स्तोत्रे बसवता येतील. शिवाय खाली उतरणारा चार सुरांचा खर्ज शाकोन या नृत्याचा ठरलेला साचा होता, लग्नाच्या मेजवानीतही तो वाजे. मला विचाराल तर या सिद्धांताने शाकोनचे थोडे नुकसानच केले. विधुराची कहाणी ऐकून आलेला श्रोता मधला डी मेजर भागही रडत ऐकतो. तिथे बाख एकाच सुरावर पुन्हापुन्हा ठोके देत दूरच्या कर्ण्यांचा आणि नगाऱ्यांचा भास चार तारांतून करतो, ही निव्वळ मौज त्याच्या कानावरून जाते.

दुसऱ्या महायुद्धानंतर बाखविद्येत जी क्रांती झाली ती कागद आणि शाई यांनी केली. आल्फ्रेड ड्युर आणि गेओर्ग फॉन डाडेल्सेन यांनी १९५७-५८ च्या सुमारास हस्तलिखितांतली जलचिन्हे आणि नक्कलकारांची अक्षरे तपासून कँटाटांच्या तारखा नव्याने लावल्या. स्पिट्टाच्या चरित्रात बाख म्हातारपणापर्यंत श्रद्धेने स्तोत्रांवरचे कँटाटा रचत बसलेला दिसतो. कागद म्हणाले, ते बहुतेक १७२४-२५ च्या एका सपाट्यात झाले आणि लाइपझिगच्या पहिल्या काही वर्षांनंतर चर्चसाठी नवे लिहिण्याचा वेग पार मंदावला. यावरून फ्रीडरिख ब्लूमे यांनी १९६२ मध्ये माइन्झच्या व्याख्यानात बाँब टाकला : बाखला चर्चची आंतरिक ओढ नव्हतीच, ती नोकरी होती. पुरावा म्हणून त्यांनी हीच उसनवारी पुढे केली. राजघराण्यातल्या वाढदिवसाचे नगारे देवाच्या दारात वाजवणाऱ्याला भक्त कसे म्हणायचे? ‘ख्रिसमस ऑरेटोरिओ’ सुरू होतो तो नगाऱ्यांनी. ते समूहगान मुळात सॅक्सनीच्या शासकाच्या पत्नीच्या १७३३ मधल्या वाढदिवसाचे.

भक्त मंडळी खवळली. वादात एक जुनी वस्तू कामी आली. आब्राहाम कालोव्ह याचे भाष्य असलेल्या बायबलचे तीन खंड १९३४ मध्ये अमेरिकेत, मिशिगनमधल्या एका कुटुंबाकडे सापडले होते; आता ते सेंट लुइसच्या कॉन्कॉर्डिया सेमिनरीत आहेत. त्यावर बाखची सही आणि १७३३ साल. समासात अधोरेखने, दुरुस्त्या, थोडे शेरे. पुढे कॅलिफोर्नियात शाईची तपासणी झाली आणि खुणा बहुतांशी बाखच्याच असल्याचे दिसले. सॉलोमनच्या मंदिरात वाद्ये वाजतात त्या प्रसंगापाशी त्याने नोंदवले आहे की भक्तिभावाने केलेल्या संगीतात देव कृपेसह हजर असतो. हे कुणाला दाखवायला लिहिलेले नाही. ब्लूमेंचा बाँब तिथे बराचसा फुसका ठरला.

उसनवारीची दिशाही त्यांनी नीट पाहिली नाही. बाखची चाल दरबारातून चर्चमध्ये जाते, चर्चमधून दरबारात जवळजवळ कधीच नाही. कारण व्यवहारी आहे. राजपुत्राचा अकरावा वाढदिवस पुन्हा येत नाही, ते संगीत एका संध्याकाळपुरते. नाताळ दरवर्षी येतो. चांगली चाल वाया जाऊ नये असे वाटणाऱ्या माणसाने ती जिथे टिकेल तिथे नेऊन ठेवली.

देवाधर्माबाहेर अर्थ शोधणारेही आहेत. अमेरिकन अभ्यासिका सुझन मॅक्लेरी यांनी १९८७ मध्ये पाचव्या ब्रांडेनबुर्ग कॉन्चेर्टोवर लिहिले. त्यात हार्प्सिकॉर्ड हे साथीचे वाद्य हळूहळू बोलके होते, व्हायोलिन आणि बासरीला मागे टाकते आणि अखेर सगळा वृंद गप्प करून एकटेच पासष्ट बार बोलत सुटते. मॅक्लेरींना यात उंबरठ्यावर आलेली सामाजिक उलथापालथ दिसली : नोकराने दिवाणखाना काबीज केला. मायकेल मॅरिसन यांनी १९९५ मध्ये सहाव्या कॉन्चेर्टोत उलटी मांडणी दाखवली. तिथे व्हायोला ही सामान्य वादकांची वाद्ये पुढे आहेत आणि व्हिओला द गाम्बा हे उमरावांचे वाद्य साध्या साथीला बसवले आहे. पण मॅरिसन याला क्रांती मानत नाहीत. जगातली उच्चनीचता देवापुढे उलटी होते, या लुथरच्या शिकवणीशी ते ही गोष्ट जोडतात. मला मॅरिसन जास्त पटतात, कारण क्योथेनचा राजपुत्र लिओपोल्ड स्वतः गाम्बा वाजवी आणि मालकाला सोपा भाग देऊन व्हायोलाकडे घाम गाळण्याचे काम देणे यात निदान चाणाक्षपणा तरी नक्की आहे. मॅक्लेरींचे निरीक्षण अचूक आहे, त्यावरचा फ्रेंच राज्यक्रांतीचा वास जरा लांबून आणलेला वाटतो.

मग त्या दोन गाण्यांचे काय? अंगाई नाताळात आली तेव्हा बी-फ्लॅट मेजरऐवजी जी मेजरमध्ये उतरली. विलासाचा उंच सोप्रानो आवाज गेला, त्याजागी आल्टो आला. आल्टोच्या बरोबर, एक सप्तक वरून बासरी ठेवली. तंतुवाद्यांना चार ओबोंची जोड मिळाली, त्यातले दोन खोल आवाजाचे, मेंढपाळांच्या प्रसंगाला शोभणारे. चाल तशीच, पण पोत जड, उबदार झाला. दुसऱ्या गाण्यात आवाज आणि पट्टी दोन्ही तेच ठेवून बाखने व्हायोलिनच्या जोडीला ओबो दामोरे घातला, मऊ आवाजाचे वाद्य. हर्क्युलिसच्या गाण्यात जो ताठपणा होता तो तेवढ्याने निवळतो.

माझे मत असे की बाखचे सूर भावनेचे नाव सांगत नाहीत, तिचा ताण सांगतात. आवेगाने मान फिरवणे आणि आवेगाने धावत जाणे यांचा ताण सारखाच असतो. कुणाकडे आणि कुणापासून, ते शब्द ठरवतात. त्या चालीत निश्चय आहे, अधीरता आहे. आळस नाही, शोक नाही. त्यामुळे ती नकाराला चालली, स्वागताला चालली, क्रुसारोहणाला चालली नसती. श्वाइत्झरचा कोश याहून जास्त मागतो म्हणून फसतो. स्मेन्ड आणि ट्योने तर ऐकूच न येणारा अर्थ मागतात. हान्सलिकच्या शुद्ध स्वराकृतीत आदमाचे ते कोसळणे बसत नाही. सगळ्यांत कमी बोलून सगळ्यांत जास्त सांगितले ते ड्युर आणि डाडेल्सेन यांच्यासारख्या कागद तपासणाऱ्यांनी, कारण बाखने काय ठेवले आणि काय बदलले हे त्यांच्यामुळे दाखवता येते.

ही परीक्षा कुणालाही घरी करता येईल. बाखच्या कृतींना क्रमांक आहेत : हर्क्युलिसचे नाट्य २१३, ‘ख्रिसमस ऑरेटोरिओ’ २४८. पहिल्यातले नववे आणि दुसऱ्यातले चौथे गाणे इंटरनेटवर शोधा, शब्दांचा अर्थ न वाचता एकापाठोपाठ ऐका आणि कोणते नकाराचे ते ओळखायचा प्रयत्न करा. मग ‘बाख डिजिटल’ या संकेतस्थळावर जा. बाखच्या उपलब्ध हस्तलिखितांच्या स्वच्छ प्रतिमा तिथे एक पैसा न देता बघायला मिळतात आणि त्याने स्वतःच्या हाताने खोडलेले, बदललेले सूरही त्यांत दिसतात.